बिंबराजाच्या वाटेने

प्रताप बिंब नावाचा राजा शके १०६० मध्ये, म्हणजे इसवी सन ११३८ च्या सुमारास, उत्तर कोकणात उतरला. चांपानेरचा राजा गोवर्धन बिंब याचा हा भाऊ. त्याने दमणपासून वाळकेश्वरापर्यंतचा किनारा जिंकला, आजच्या पालघर तालुक्यातील केळवे-माहीम येथे राजधानी केली आणि ती हातची गेल्यावर मुंबईच्या बेटावर येऊन दुसरे माहीम वसवले. ही सगळी हकीकत महिकावतीच्या बखरीतली. बखर बाजूला ठेवली की हा राजा दिसेनासा होतो. त्याच्या नावाचा निर्विवाद म्हणावा असा शिलालेख नाही, ताम्रपट नाही, नाणे नाही. तरीही पालघर, वसई आणि मुंबई या पट्ट्यातील कित्येक घराणी आपल्या कुळाची मोजणी त्याच्यापासूनच सुरू करतात.

गोंधळ एवढ्यावर थांबत नाही. त्याच बखरीत दीडशे वर्षांनंतर आणखी एक बिंब येतो. हा बिंबदेव किंवा भीमदेव देवगिरीच्या रामदेवराव यादवांचा मुलगा. अल्लाउद्दीन खलजीच्या स्वारीच्या धामधुमीत तो कोकणात आला आणि माहीमला राज्य करू लागला. काही अभ्यासकांच्या मते हे दोन वेगळे राजे. काहींच्या मते राजा एकच, यादवांचा. पहिला बिंब ही त्याची मागे पडलेली सावली. दोघेही कुळकथेतून जन्मले असे मानणारेही आहेत. मुंबईच्या प्रारंभावर १९०० मध्ये लिहिणारे गर्सन द कुन्हा आणि १९०२ मध्ये लिहिणारे एडवर्ड्‌स यांचा कल यादव राजपुत्राकडे होता. वि. का. राजवाड्यांनी १९२४ मध्ये बखर छापली, तिला प्रदीर्घ प्रस्तावना जोडली आणि तिच्यातल्या राजांची मालिका गांभीर्याने घेतली. वा. वि. मिराशींनी शिलाहारांचे कोरीव लेख एकत्र करून १९७७ मध्ये प्रसिद्ध केले. त्या लेखांत बाराव्या शतकातील उत्तर कोकणाची राजमालिका सलग लागते आणि तिच्यात बिंबाला जागा उरत नाही.

बखरीने राजाला ज्या वाटेने आणले त्या वाटेने, उत्तरेकडून दक्षिणेकडे, मी हा प्रदेश पाहिला. कागदावर न सुटणारे काही प्रश्न गावात उभे राहिल्यावर निदान नीट विचारता येतात.

केळवे आणि माहीम ही एकमेकांना लागून असलेली गावे. घाटावरच्या माणसाला इथे पहिल्यांदा जाणवतो तो गावाचा विस्कळीतपणा. घाटावर घरे एकमेकांना चिकटून असतात, मध्ये चावडी, बाहेर शेत. इथे घर वाडीत असते आणि वाडी घराभोवती. नारळ, पोफळी, केळी, मध्येच जायफळाचे एखादे झाड, आणि पानवेलींचे मळे. मळ्यात शिरताना चपला बाहेर काढाव्या लागतात. आत ऊन चाळून आल्यासारखे पडते. वेली आधाराच्या झाडांवर चढवलेल्या असतात, पायाखाली पाटाच्या पाण्याने कायम ओल. पान खुडणारी बाई पान देठासकट खुडते, बोटांनीच त्याचा आकार जोखते आणि एकावर एक रचत जाते. देठ सगळे एका बाजूला. तिचा हात चालू असताना तिच्याशी बोलले तर ती उत्तर देते, पण मान वर करत नाही. इथली पाने उत्तर हिंदुस्थानातल्या बाजारांपर्यंत जातात. त्यांच्या दराची चर्चा मळ्यातल्या माणसांच्या तोंडी हवामानाइतकी सहज येते.

मळे आणि वाड्या कसणारा मोठा समाज सोमवंशी क्षत्रिय पाठाऱ्यांचा. बोलण्यात वाडवळ. राऊत, सावे, चुरी, वर्तक, म्हात्रे, पाटील ही त्यांची आडनावे. एका ओटीवर चहा घेताना घरातल्या आजोबांना बिंबराजाबद्दल विचारले.

"राजाबरोबर आलो आम्ही," ते म्हणाले. "त्याच्या आधी इथे काय होतं? खाजण आणि रान."

"आजोबा, राजा नेमका कधी आला असेल?"

"ते तुम्ही शिकलेल्यांनी सांगायचं. आम्हाला कूळ ठाऊक, गोत्र ठाऊक, देवी ठाऊक."

आतून त्यांच्या सूनबाईंनी उकडहंडीचे ताट आणले. थंडीचे दिवस होते. कोनफळ, रताळी, कच्ची केळी, वालाच्या शेंगा असे वाडीत त्या वेळी जे असेल ते मसाला लावून मडक्यात रचायचे, वरून पाने दाबायची आणि मंद आचेवर सावकाश शिजू द्यायचे. पाणी जवळजवळ नसतेच. भाज्या आपल्याच ओलाव्यावर शिजतात. देशावरच्या भोगीच्या भाजीशी हिचे नाते जवळचे, पण देशावर भाकरी-लोण्याला जो मान तो इथे ओल्या नारळाला. वाढणाऱ्याने पाहुण्याला किती हवे ते विचारायचे नाही, ताट भरत राहायचे, ही रीत मात्र दोन्हीकडे सारखीच.

आजोबांच्या उत्तरात बखरीचे मर्म आहे, असे मला वाटते. प्रताप बिंबाबरोबर सहासष्ट कुळे आली, असे परंपरा सांगते. सोमवंशी, सूर्यवंशी, शेषवंशी अशी त्यांची विभागणी; शिवाय यजुर्वेदी ब्राह्मण. बखरीत लढायांपेक्षा या कुळांच्या याद्या, त्यांची गोत्रे, त्यांना मिळालेली गावे आणि वतने हेच जास्त जागा घेतात. राजा येतो, लढतो, मरतो. पण कोणत्या कुळाला कोणते गाव मिळाले हे लिहिताना लेखणी थांबते, पुन्हा पाहते, नेमकेपणाने नोंदवते. लिहिणाऱ्याची आस्था कुठे होती हे त्यावरून कळते.

माहीममध्ये महिकावती देवीचे देऊळ आहे, केळव्यात शितळादेवीचे. शितळादेवीच्या देवळासमोर तळे आणि त्यापलीकडे सुरूच्या बनाची किनाऱ्यालगतची रांग. देवळात येणारी मंडळी मुंबईहूनही येतात. त्यांच्या बोलण्यातून एक गोष्ट सहज पुढे आली: मुंबईच्या माहीममध्येही शितळादेवीच आहे. दोन माहीम, दोन शितळादेवी. राजा खरा असो वा नसो, या माहीमकडून त्या माहीमकडे माणसे गेली, जाताना त्यांनी गावाचे नाव बरोबर नेले आणि देवीही नेली, हे मानायला ही जोडी पुरेशी सबळ वाटते. स्थलांतर करणारा समाज अशीच नावे नेतो. त्यासाठी राजाची गरज लागतेच असे नाही.

केळव्याहून खाली आले की वैतरणेच्या पलीकडे विरारजवळ आगाशी लागते. आगाशीची सुकेळी प्रसिद्ध. राजेळी केळी पिकल्यावर सोलून मांडवावर उन्हात घालायची, संध्याकाळी गोळा करून झाकायची, सकाळी पुन्हा मांडायची. काही दिवसांनी केळे आक्रसते, मधासारखा रंग धरते आणि बाहेरून किंचित चिकट होते. मग केळीच्याच वाळक्या सोपटात ते बांधतात. सुकेळे दातांखाली चिवट लागते आणि गोडी सावकाश सुटते. हल्ली ती करणारी घरे कमी झाली आहेत. वाड्यांच्या जागी इमारती आल्या आणि केळी वाळत घालायला अंगण उरले नाही.

याच आगाशीत बिंबाच्या कथेला पहिला मोठा धक्का बसतो. इथे शिलाहार राजा हरिपालदेव याचा शके १०७२ चा, म्हणजे ११५० चा शिलालेख मिळाला. बखरीच्या हिशेबाने ११४७ मध्ये प्रताप बिंब वारला आणि त्याचा मुलगा मही बिंब गादीवर आला. तो १२१२ पर्यंत राज्य करत होता. म्हणजे ज्या वर्षी केळवे-माहीम ते मुंबई हा मुलूख मही बिंबाचा असायला हवा, त्याच वर्षी त्या मुलखाच्या ऐन मध्यावर दगडावर नाव कोरले जाते ते शिलाहाराचे. दगडाची बखरीसारखी पुढच्या पिढीत डागडुजी करता येत नाही.

हा एकटा दगड असता तर वेळ निभावून नेता आली असती. परंतु शिलाहारांचे लेख रांगेने येतात. हरिपालदेवामागून मल्लिकार्जुन, मग दुसरा अपरादित्य. त्याच्या काळातला शके ११०९ चा, म्हणजे ११८७ चा लेख थेट मुंबईत परळला सापडला. त्यानंतर केशिदेव, त्याचा एक लेख वसई तालुक्यातील मांडवीचा, १२०३ चा, दुसरा लोनाडजवळ चौधरपाड्याचा, १२३९ चा. शेवटी सोमेश्वर. बिंबांचे म्हणून सांगितलेले पहिले शतक असे पूर्ण भरून जाते.

पण याच रांगेत एक गोष्ट अशी आहे की तिच्यावर जरा थांबायला हवे. बखरीत मही बिंबामागून येणारा राजा केशवदेव. त्याची कारकीर्द १२१२ ते १२३७. शिलाहार केशिदेवाचे लेख १२०३ ते १२३९ या काळातले. नाव जवळजवळ तेच आणि काळही जवळजवळ तोच. ही निव्वळ योगायोगाची गोष्ट नसावी. बखर लिहिणाऱ्यांच्या कानावर जुन्या राजांची काही खरी नावे आली होती. पण ते राजे कोणत्या घराण्याचे हे विसरले गेले होते, आणि मोकळी पडलेली नावे बिंबाच्या वंशात बसवली गेली, असा तर्क त्यातून निघतो. बखरीला सरसकट खोटे ठरवणाऱ्यांनी या केशवदेवाचा विचार करायला हवा, आणि तिला सरसकट खरे मानणाऱ्यांनी आगाशीच्या दगडाचा.

चांपानेरचे काय, हाही प्रश्न उरतो. मल्लिकार्जुनावर गुजरातच्या कुमारपाल चालुक्याने सेनापती आंबड याला धाडले आणि त्या लढाईत मल्लिकार्जुन मारला गेला, असे गुजरातेतील जैन प्रबंधांत आहे. त्याआधी, अकराशे पंचवीसच्या आसपास, गोव्याच्या कदंबांच्या हल्ल्यांनी उत्तर कोकण उद्ध्वस्त झाले होते आणि पहिल्या अपरादित्याने ते सावरले. बखरीतला ११३८ चा विजेता याच उलथापालथीच्या काळात येतो. गुजरातकडून आलेली फौज, उजाड झालेला किनारा, नव्याने वसणारी गावे या आठवणी खऱ्या असू शकतात. त्या सगळ्यांना मिळून एक चेहरा दिला गेला असावा.

आगाशीहून सोपाऱ्यावरून वसईकडे यावे. सोपाऱ्याचा स्तूप, तिथे मिळालेले अशोकाच्या आज्ञालेखाचे तुकडे हा बिंबापेक्षा हजार-दीड हजार वर्षे जुना पसारा. त्याची कथा वेगळी. वसईत मात्र बिंबाची आठवण अनपेक्षित ठिकाणी भेटते. १५३४ मध्ये वसई पोर्तुगीजांकडे गेली आणि पुढच्या दोन शतकांत इथल्या कित्येक कुटुंबांनी धर्म बदलला. वाडवळ हिंदूही आहेत आणि वाडवळ ख्रिस्तीही. एका ख्रिस्ती घरात जेवायला बसलो तेव्हा ताटात सांदणे होती, कालवणात बाटली मसाल्याचा वास होता, भिंतीवर येशूची तसबीर होती आणि घरातल्या काकी सांगत होत्या की त्यांचे मूळ कूळ कोणते. "धर्म बदलला, वाडी तीच आहे ना," त्या म्हणाल्या. जमिनीवरचा हक्क सांगताना जी आठवण उपयोगी पडते ती धर्मांतरातही टिकते. चिमाजी अप्पांनी १७३९ मध्ये वसई घेतली तेव्हाही या वाड्या त्याच माणसांच्या हातात होत्या.

खाडी ओलांडली की साष्टी सुरू होते. आज ती बोरिवली, मालाड, अंधेरी अशी स्थानकांच्या नावांनी ओळखली जाते. बोरिवलीच्या पश्चिमेला एकसर गावठाण आहे. उंच इमारतींच्या मधून एक अरुंद गल्ली जाते आणि तिच्यात सहा वीरगळ उभे आहेत. सर्वांत उंच दहा फुटांच्या आसपास. खालच्या पट्टीत लढाई, मधे मरण, वर स्वर्ग आणि शिवपूजा, ही वीरगळांची नेहमीची मांडणी. इथली काही शिल्पे मात्र वेगळी: त्यांच्यावर जहाजे आहेत. वल्ह्यांची रांग एकसारखी कोरलेली, डेकावर माणसे दाटीने उभी, एका बाजूने जहाजांचा तांडा पुढे सरकतो आहे. दगड झिजला आहे, पण वल्ही अजून मोजता येतात. गल्लीतल्या बायका जाता-येता हात जोडतात, कुणी फूल ठेवते. घाटावर वीरगळ गावाबाहेर मारुतीच्या देवळाशी उन्हात पडलेले दिसतात आणि त्यांच्यावर जनावरांची लढाई, गोधनाचे रक्षण असते. समुद्रावर मेलेल्या वीरांचे दगड हे या किनाऱ्याचेच वैशिष्ट्य.

ही लढाई कोणती, यावर एकमत नाही. अनेक अभ्यासक ती सोमेश्वर शिलाहार आणि महादेव यादव यांच्यातली मानतात. महादेवाचा काळ १२६१ ते १२७०. हेमाद्रीने लिहिलेल्या प्रशस्तीत सोमेश्वर समुद्रात बुडाल्याचा उल्लेख आहे. सोमेश्वराबरोबर शिलाहारांचे राज्य संपले आणि साष्टी देवगिरीच्या ताब्यात गेली. दुसऱ्या बिंबाच्या कथेला लागणारी जमीन इथे तयार होते: आता कोकणात यादवांचा माणूस असणे अगदी स्वाभाविक आहे.

एकसरहून मालाड जवळ. गर्दी, दुकाने, रिक्षांची रांग यांत पंधराव्या शतकाची खूण शोधून सापडत नाही. परंतु बखर जन्मली ती इथे. मालाडचा देसाई नायकोराव याला देवीचा दृष्टांत झाला आणि त्याच्या सांगण्यावरून केशवाचार्यांनी शके १३७० मध्ये, म्हणजे १४४८ मध्ये, देशाचा वृत्तांत आणि कुळांची वंशावळ लिहून काढली. बखरीच्या सहा प्रकरणांपैकी दुसरे आणि तिसरे त्यांचे. बाकीची इतर हातांनी, निरनिराळ्या काळात लिहिलेली. पहिल्या बिंबाच्या स्वारीला तेव्हा तीनशे वर्षे उलटली होती, दुसऱ्याला दीडशे. साष्टीवर मुसलमानी अंमल स्थिर झाला होता. कुळाचार मिसळत चालले होते, कोण कोणत्या वंशाचा याचा निवाडा अवघड झाला होता, वतनांवर वाद होते. बखरीत महाराष्ट्रधर्म हा शब्द येतो तो या पार्श्वभूमीवर. समर्थ रामदासांच्या कितीतरी आधी, साष्टीतल्या एका देसायाच्या पुढाकाराने झालेल्या लिखाणात तो यावा, ही मराठी वाचकाने लक्षात ठेवावी अशी गोष्ट आहे. या एका कारणासाठीही बखरीला मी अतिशय मोलाची मानतो, मग तिचे सनावळीचे हिशेब चुकोत.

मालाडच्या देसायांकडे एक फारसी कागदही होता. एडवर्ड्‌सच्या पिढीतल्या लेखकांनी त्याचा आधार घेतला. शके १२२० मध्ये, म्हणजे १२९८ च्या सुमारास, महाराज बिंबशहाने गोविंद मितकरी याच्या घराण्याकडून मालाड आणि आसपासच्या भागाचे सरदेसाईपण आणि सरदेशपांडेपण घेतले, असा त्याचा आशय. बिंबदेव खरा होता असे म्हणणाऱ्यांचा हा मुख्य पुरावा. पण वतनाचा दावा ज्याच्या हातात, कागदही त्याच्याच घरचा. तेराव्या शतकाच्या अखेरीस कोकणातल्या यादव अधिकाऱ्याने फारसीत दस्त करावा हेही पटण्याजोगे नाही, आणि शहा ही उपाधी तर उघडच नंतरच्या काळाची. कागद नंतर तयार झाला किंवा जुन्या दस्ताची नव्या भाषेत नक्कल झाली, एवढे म्हणता येते. त्यातले नाव पूर्णपणे कल्पित असेलच असे नाही.

याची दुसरी बाजू ठाण्यात दिसते. शिलाहारांचे श्रीस्थानक ते हे. मासुंदा तळ्याभोवती संध्याकाळी फिरायला येणारी माणसे, मुलांच्या हातातले फुगे, भेळेचे ठेले यांच्यामागे कोपिनेश्वराचे देऊळ. ठाण्याच्या परिसरात यादवांचे ताम्रपट मिळाले. एकात रामदेवरावांच्या वतीने साष्टीचा कारभार अच्युत नायक पाहतो, काळ १२७२ च्या सुमाराचा. दुसरा शके १२१२ चा, म्हणजे १२९० चा. त्यात कोकणचा अधिकारी कृष्णदेव. बखरीप्रमाणे बिंबदेव आला तो शके १२१६ मध्ये. म्हणजे त्याच्या येण्याच्या चारच वर्षे आधी यादवांचा अधिकारी इथे रीतसर नेमलेला होता, ताम्रपट देत होता. त्याच्यामागून आणखी एक अधिकारी आला, आणि १२९६ नंतर देवगिरीची पकड सैल झाल्यावर तो जवळजवळ स्वतंत्रपणे वागू लागला, असे मानायला अडचण नाही. अशा अधिकाऱ्याला पुढच्या पिढ्यांनी रामदेवरावांचा मुलगा केले असावे. राजपुत्राकडून मिळालेले वतन कारकुनाकडून मिळालेल्या वतनापेक्षा भक्कम वाटते.

माझे मत या दुसऱ्या बिंबाच्या बाजूने झुकते. पहिला, ११३८ चा विजेता, राज्यकर्ता म्हणून टिकत नाही; शिलाहारांचे दगड त्याला उभे राहू देत नाहीत. दुसरा मात्र लहान आकारात, देवगिरीचा ठाणेदार किंवा मांडलिक म्हणून, असू शकतो. वंशावळ लांबवताना त्याचेच नाव दीडशे वर्षे मागे नेले गेले असावे. मराठी बखरींत हे नवे नाही.

ठाण्याहून मुंबईच्या माहीमला यावे. खाडीच्या तोंडाशी पडका किल्ला, अलीकडे मगदूम अली माहिमी यांचा दर्गा. हे सूफी विद्वान १४३१ मध्ये वारले. त्यांच्या उरुसात पहिली चादर मुंबई पोलिसांची असते. जवळच १५३४ साली स्थापन झालेले सेंट मायकेल चर्च, आणि पलीकडच्या रस्त्याला शितळादेवी. बुधवारी चर्चमध्ये नोव्हेनाला सर्व धर्मांची माणसे रांग लावतात, त्यांतली काही तिथून निघून देवीला नारळ देतात. बाजूच्या दुकानांतून माहीमचा हलवा कागदाच्या थरांत रचलेला दिसतो; पातळ पापुद्रा, वर वेलदोड्याचे दाणे आणि बदामाचे काप. बिंबाची राजधानी म्हणावी अशी एकही भिंत इथे नाही. त्याचा वाडा, त्याचा दरबार यांच्या जागा लोक सांगतात, पण त्या ऐकीव.

त्याच्याबरोबर आलेली म्हणून सांगितली जाणारी माणसे मात्र आहेत. पाठारे प्रभू हा मुंबईच्या जुन्या मराठी समाजांपैकी एक. कीर्तिकर, जयकर, धुरंधर, राणे, कोठारे, विजयकर ही नावे शहराच्या इतिहासात जागोजागी येतात. चित्रकार महादेव विश्वनाथ धुरंधर याच समाजाचे. आपण कुठून आलो हे सांगताना पाठारे प्रभूंच्या परंपरेत पैठणही येते आणि गुजरातचे पाटणही, आणि मुंबईत आणणारा म्हणून बिंबराजा. त्यांच्या स्वयंपाकाचा बाज मराठीच आहे, पण इतर कुणासारखा नाही. सांबार नावाचा मसाला, ज्याचा दक्षिणेतल्या सांबाराशी संबंध नाही. कोलंबी आणि कोबी घालून वरून-खालून निखारे ठेवून भाजलेले भानोले. तेल, हिंग, लसूण आणि तिखट एवढ्यावर परतलेले माशाचे खडखडले. दादरच्या एका घरात हे खडखडले खाल्ले. माशाला खोबरे नाही, चिंच नाही, वाटण नाही. कोकणच्या किनाऱ्यावर राहून नारळाशिवाय मासा शिजवणारी ही रीत कुठून आली असेल, असे त्या घरच्या मावशींना विचारले. "आम्ही इथलेच, पण कुठूनतरी आलेले," एवढेच त्या म्हणाल्या आणि तव्यातला उरलेला तुकडा पानात वाढला.

माहीमहून पुढे प्रभादेवी. इथले शाकंभरी प्रभावतीचे देऊळ अठराव्या शतकाच्या आरंभी पाठारे प्रभूंनी बांधले. मूर्ती त्याहून जुनी. बिंबाने बरोबर आणली, परकीयांच्या भयाने ती विहिरीत दडवली गेली आणि पुढे दृष्टांत होऊन बाहेर काढली, असे सांगतात. पौष पौर्णिमेपासून जत्रा भरते. रस्त्यावर पाळणे लागतात, खाजे आणि गरम भज्यांचे ठेले उभे राहतात, आणि एरवी गाड्यांनी भरलेला तो रस्ता काही दिवस गावाचा होतो. गर्दीतल्या फार थोड्यांना राजाचे नाव ठाऊक असते. ज्यांना असते त्यांच्यासाठी देवी हाच त्याच्या असण्याचा दाखला.

बखरीतील शेवटची लढाई या भागातच होते. बिंबदेव १३०३ मध्ये वारला, मागून त्याचा मुलगा प्रतापशहा आला, त्याला चेऊलच्या नागरशहाने, त्याच्याच मेहुण्याने, मारून राज्य घेतले. शके १२७० मध्ये, १३४८ ला, निका मलिक हा सरदार चालून आला तेव्हा नागरशहा वाळकेश्वराला गेला होता. राणीने माहीमचा वाडा लढवला आणि ती पडली. परत फिरलेला राजा भायखळ्याला लढता लढता मारला गेला. बखरीतला हा भाग सर्वांत जिवंत आहे. राणीची लढाई लिहिताना केशवाचार्यांची भाषा चढते, आणि वाचणाऱ्याला भायखळ्याचा पूल ओलांडताना ती आठवल्याशिवाय राहत नाही.

इथेही बाहेरचा पुरावा आडवा येतो. १३२१ मध्ये ठाण्याला चार फ्रान्सिस्कन साधू मारले गेले. त्यांच्याबरोबर आलेला जॉर्डानस आणि थोड्याच दिवसांनी येऊन गेलेला ओडोरिक या दोघांच्या लिखाणातून ठाण्यावर त्या वेळी मुसलमान अंमलदाराची सत्ता असल्याचे स्पष्ट दिसते. मग १३२१ ते १३४८ या काळात माहीमला प्रतापशहाचे आणि नागरशहाचे राज्य कसे? कदाचित ठाणे दिल्लीकडे आणि खाडीपलीकडची बेटे एखाद्या स्थानिक सरदाराकडे, खंडणी देऊन राहिलेली. भरती-ओहोटीने रोज तुटणाऱ्या या बेटांची रचना पाहता ते अशक्य नाही.

वाळकेश्वर ही बखरीच्या मुलखाची दक्षिण सीमा. बाणगंगेच्या पायऱ्यांवर सकाळी स्नानाला आलेली माणसे, बदके, पिंडदान सांगणारे भटजी, तळ्याला वेढून उभी असलेली जुनी घरे आणि त्यांच्या मागे मनोरे. हे तीर्थ शिलाहारांच्या काळाशी जोडले जाते. जुने देऊळ पोर्तुगीजांच्या काळात गेले आणि आजचे रामा कामतींनी १७१५ मध्ये उभारले. कोरीव दगड या परिसरात अजून आहेत, घडणीवरून अकराव्या-बाराव्या शतकातले.

उत्तर कोकणात असे दगड अजूनही निघतात. साष्टीत, वसईत, कल्याणकडे पाया खणताना, तळ्याचा गाळ काढताना गाढव कोरलेला शापाचा दगड, म्हणजे गद्धेगाळ, वर येतो आणि त्याच्यावर कधी चार ओळी असतात. हौशी अभ्यासक आणि विद्यार्थी त्यांचे ठसे घेतात, वाचतात, प्रसिद्ध करतात. बिंबाच्या वादाचा निकाल लागायचा तर तो अशाच दगडावर लागेल. शके १२१५ ते १२४० या पंचवीस वर्षांतला लेख त्यासाठी हवा, कारण याच काळात साष्टीवर कोणाचा अंमल होता हे बखर आणि मालाडचा तो फारसी कागद सोडून दुसरे कुणी सांगत नाही. त्यात रामदेवरावांचे किंवा त्यांच्या मुलाचे नाव, खाली कोकणच्या अधिकाऱ्याचे नाव आणि दान दिलेले गाव एवढे असले तरी पुरे. ते नाव बिंब असेल, किंवा दुसरेच कुणाचे असेल.